थोमास हायझे : निकाल न देणारा साक्षीदार

राष्ट्राचा इतिहास पडद्यावर मांडताना बहुतेक माहितीपटकार एक निवेदक नेमतात आणि तो प्रेक्षकांच्या वतीने सगळे निकाल देऊन मोकळा होतो. जर्मन दिग्दर्शक थोमास हायझे (१९५५–२०२४) यांनी हे काम प्रेक्षकावरच सोपवले. ही पळवाट आहे, असे कोणी म्हणेल. आम्हांस मात्र त्यामागे मोठी जबाबदारी दिसते.

हायझे पूर्व बर्लिनचे. बाबेल्सबर्गच्या चित्रपट-विद्यालयातील शिक्षण अर्धवट सोडून त्यांनी पूर्व जर्मनीच्या सरकारी चित्रपट-संग्रहालयाच्या एका विभागासाठी 'दास हाउस' (१९८४) व 'फोल्क्सपोलित्साय' (१९८५) हे माहितीपट केले. पहिल्यात सरकारी कचेरीत अडचणी घेऊन आलेले नागरिक आहेत, दुसऱ्यात एक पोलीसठाणे. या विभागाचा हेतू विलक्षण होता : वर्तमान जसे आहे तसे टिपायचे आणि भावी पिढ्यांसाठी कुलपात ठेवायचे. वास्तव काय आहे हे शासनाला ठाऊक होते. समकालीनांनी ते पाहू नये, एवढीच त्याची दक्षता!

१९८९ साली भिंत पडली. कुलपे निघाली, तरी प्रश्न सुटले नाहीत. हाले-नॉयश्टाट या औद्योगिक वसाहतीतील अतिउजव्या तरुणांवर हायझेंनी 'श्टाऊ' (१९९२) केला, तेव्हा मोठा वाद उठला. अशांना पडदा का द्यावा, हा आक्षेप पोकळ नव्हे. ज्याला त्या टोळक्यांचे भय आहे, त्याच्याकडून कॅमेऱ्याइतक्या संयमाची अपेक्षा कशी करावी? परंतु हायझे तेथे एकदाच जाऊन परतले नाहीत. २००० आणि २००७ साली आलेल्या चित्रपटांत ते पुन्हा त्याच परिसरात, त्याच माणसांकडे गेले. घोषणा देणाऱ्याच्या घोषणा संपेपर्यंत थांबले, की त्यामागचे घर आणि बेकारी दिसू लागते. त्याने गुन्हा क्षम्य ठरत नाही. तो कळू लागतो.

'माटेरिआल' (२००९) मध्ये त्यांनी जवळपास दोन दशकांत साठलेले, इतर कोणत्याही चित्रपटात न बसलेले चित्रण एकत्र केले. राज्य कोसळतानाची सभा, तुरुंग, नाटकाच्या तालमी. दुवा जोडायचा तो प्रेक्षकाने.

या पद्धतीची कसोटी २०१९ च्या 'हायमाट इस्ट आइन राउम आउस त्साइट' या साडेतीन तासांहून मोठ्या चित्रपटात लागते. स्वतःच्या कुटुंबाचे कागद हायझे स्वतःच, स्वर न चढवता वाचतात : आजोबांनी १९१२ साली शाळेत लिहिलेला युद्धविरोधी निबंध, व्हिएन्नातील ज्यू आप्तांची पत्रे. पत्रांत कोळसा, अन्न, शेजारी यांच्या गोष्टी येतात आणि त्यांच्याआड पडद्यावरून हद्दपार केलेल्यांच्या नावांची यादी संथपणे सरकत राहते. नावे संपत नाहीत; पत्रे मात्र संपतात.

येथे भाष्य केले असते तर आपण हळहळून सुटलो असतो. हायझे ती सोय ठेवत नाहीत. त्या यादीकडे पाहत बसणे आपल्याला भाग पडते आणि निकाल देण्याची जबाबदारी कोणा निवेदकावर ढकलता येत नाही. राष्ट्राचा इतिहास सांगणाऱ्याने प्रेक्षकाशी इतके कठोर असावे, असे आमचे स्पष्ट मत आहे.