जप्तीतले डंपर, खाडीतले पंप

कल्याण-डोंबिवलीत चोरट्या वाळूचा डंपर पकडला गेला की चालक पोलीस ठाण्यात जातो आणि गाडी तहसील कचेरीच्या आवारात जाते. ज्याच्या सक्शन पंपाने खाडीचा तळ उपसला तो, आणि ज्याच्या इमारतीसाठी ही वाळू निघाली होती तो बिल्डर, हे दोघे पंचनाम्यात क्वचितच आढळतात. जप्त वाहने सोडावीत की नाहीत, या वादाकडे आम्ही याच बाजूने पाहतो.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ अन्वये विनापरवाना काढलेल्या गौण खनिजावर बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसविता येतो. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यापुढे, अथवा त्याने प्राधिकृत केलेल्या किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावयाचे असते. वाहनाचा वेगळा दंड भरून मालकाने जातमुचलका दिला म्हणजे तो अधिकारी ते सोडू शकतो. २०१८ मध्ये ठरविलेल्या दरांत डंपरला २ लाख आणि एक्सकॅव्हेटरला साडेसात लाख रुपये होते. याखेरीज वाळूचोरीचा फौजदारी खटला स्वतंत्रपणे चालू शकतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिला. मुद्देमालातील वाहने ठाण्याच्या आवारात गंजत ठेवू नयेत, योग्य हमी घेऊन ती लवकर सोडावीत, हे त्याच न्यायालयाने सुंदरभाई देसाई प्रकरणी २००२ सालीच सांगून ठेवले आहे. म्हणजे दारे दोन, आणि वकील परवडत नसलेला माणूस या दोहोंमध्ये हेलपाटे घालणार!

हिशेब मांडून पाहू. डंपरमध्ये ३ ब्रास वाळू आहे आणि भाव ब्रासला ६ हजार रुपये आहे, असे धरा. मालाची किंमत १८ हजार, पाचपट दंड ९० हजार, वाहनाचे २ लाख. एकूण २ लाख ९० हजार. ज्याच्या पदरी वीस डंपर आहेत तो ही रक्कम धंद्याच्या खर्चात टाकतो आणि चार फेऱ्या वाढवितो. कर्ज काढून एकच डंपर घेतलेल्या माणसाचा हप्ता मात्र गाडी उभी असतानाही चालू राहतो. पगारी चालकाचे तर विचारूच नका. गुन्हा त्याच्या नावावर, वाळूतला नफा दुसऱ्याच्या. सरसकट दंड कागदावर समान दिसतो, एवढेच.

खाडीची हानी आम्हांला क्षुल्लक वाटते, असा याचा अर्थ नव्हे. मुंब्रा, कल्याण, डोंबिवली येथील रेतीबंदरांवर पूर्वी डुबी मारून, हातपाटीने वाळू निघे. त्यात माणसाच्या दमाचीच मर्यादा होती. पंपाला तशी मर्यादा नाही. काठ ढासळतात, कांदळवन जाते, आणि मुंब्रा-दिवा पट्ट्यात तर रेल्वेमार्गच खाडीला लागून आहे. महसूल खाते अधूनमधून बार्ज गॅसकटरने कापून बुडविते. काही दिवसांनी पुन्हा पंपांची घरघर ऐकू येते. २०२३ च्या धोरणाने शासकीय डेपोवर ६०० रुपये ब्रासने वाळू देण्याचे ठरले, २०२५ मध्ये ते सोडून पुन्हा लिलाव आला. मागणी करणाऱ्याला हात कोणीच लावला नाही.

वाहन अडकवून ठेवल्याने खाडी वाचत नाही. ४८ तासांची मुदत काटेकोर पाळावी, लेखी आदेश द्यावा, एकच वाहन असणाऱ्यास हप्त्यांची सवलत मिळावी. पुन्हा पुन्हा सापडणाऱ्या ताफ्याच्या मालकाला मात्र चढता दंड हवा. वाळू कोठे भरली आणि कोठे उतरायची होती, हे सुटकेपूर्वी मालकाकडून प्रतिज्ञापत्रावर घ्यावे. ठाणे आणि कल्याण-डोंबिवली महापालिकांनी भोगवटा प्रमाणपत्र देताना बिल्डरकडे वाळूच्या स्वामित्वधनाच्या पावत्या मागाव्यात.

कार्यकर्त्यांनी माहिती अधिकाराचे अर्ज दोन्ही तहसील कचेऱ्यांत द्यावेत. गेल्या तीन वर्षांत किती वाहने जप्त झाली, किती दिवसांनी सुटली, आणि त्याच प्रकरणांत वाळू घेणारे म्हणून किती जणांना नोटीस गेली, हे विचारावे. शेवटचा आकडा आम्ही या पानावर छापू.