पटकथेचे कर्तृत्व आणि समीक्षेची दुहेरी मोजपट्टी

चित्रपट हा दिग्दर्शकाचाच, हे चित्रपटसमीक्षेने गृहीत धरले त्याला आता बराच काळ लोटला. १९५४ साली फ्रान्स्वा त्रुफो यांनी ऑरांश व बोस्त या पटकथाकारांवर जो हल्ला चढवला, त्याचे प्रयोजन फ्रेंच चित्रपटातील एका प्रवृत्तीचा निषेध हे होते. पुढे या वादशस्त्रालाच सार्वत्रिक सिद्धान्ताची प्रतिष्ठा मिळाली. त्याचे अपुरेपण अर्जेंटिनातील बेआत्रिस गिदो यांच्या बाबतीत उघडे पडते.

कोंदट वाडे, ऱ्हासाला लागलेली अभिजन घराणी, धार्मिक भयाखाली वाढणाऱ्या मुली हे लेओपोल्दो तोर्रे निल्सन यांचे चित्रविश्व मानले जाते. परंतु गिदो यांची ‘ला कासा देल आंखेल’ ही कादंबरी १९५४ ची आहे आणि तीवरील चित्रपट १९५७ चा. ‘ला काईदा’ कादंबरीरूपात १९५६ साली आली, पडद्यावर १९५९ साली. या चित्रपटांच्या पटकथालेखनातही गिदो यांचा सहभाग होता. असे असताना या विश्वाची मालकी एकट्या दिग्दर्शकाकडे कोणत्या न्यायाने जाते?

तिरके कॅमेराकोन आणि छायाप्रकाशाची योजना दिग्दर्शकाची, असा आक्षेप येईल. तो मान्यच आहे. मात्र गिदो यांच्या कथनात घर हे केवळ नेपथ्य नसते; मुलींना ज्ञान नाकारणारी ती एक यंत्रणा असते. ‘ला मानो एन ला त्रांपा’मध्ये (१९६१) माडीवर दडवलेल्या आत्याचे रहस्य उलगडणारी लाउरा शेवटी त्याच सापळ्यात अडकते. कॅमेरा या नकाराला दृश्यरूप देतो, पण त्याचा उगम कथनात आहे.

खरा अन्याय यापुढचा आहे. १९५३ मधील जॉकी क्लबच्या जाळपोळीचा संदर्भ असलेली गिदो यांची कादंबरी १९६४ साली प्रसिद्ध झाली. आर्तुरो हाउरेत्चे यांनी १९६६ मध्ये तिची संभावना उच्चभ्रूपणाचा आव आणणाऱ्या मध्यमवर्गाचे लेखन अशी केली. हाउरेत्चे यांचा वर्गविषयक प्रश्न गैरलागू नाही, पण मग तो चित्रपटांनाही विचारावयास हवा होता. अभिजनांचे तेच विश्व पडद्यावर दिग्दर्शकाची ‘दृष्टी’ ठरते आणि पुस्तकात लेखिकेचे ‘ढोंग’! श्रेय एकाचे आणि दोष दुसरीचा, अशी वाटणी करणाऱ्या समीक्षेला सिद्धान्त म्हणता येत नाही. पटकथेला संहिता मानून तिचे कर्तृत्व व उत्तरदायित्व दोन्ही तपासल्याखेरीज ही वाटणी मोडणार नाही.