नातवाचं नाव कोणत्या यादीत?

नाशिकच्या गंगापूर रोडवरच्या बहुतेक सोसायट्यांत एखादं तरी घर अमेरिकेच्या घड्याळावर चालतं. व्हिसा, ग्रीन कार्ड, तिकडच्या घराचे हप्ते, सगळं आजी-आजोबांना तोंडपाठ. पण नातू अठरा वर्षांचा झाला की तीस दिवसांत त्याला लष्करी भरतीच्या सरकारी यादीत नाव घालावं लागतं, हे त्यांना सहसा कुणी सांगत नाही.

मुलगा नागरिक असो वा ग्रीन कार्डवाला, नोंदणी सक्तीचीच. शिक्षणाच्या किंवा नोकरीच्या वैध व्हिसावर असणाऱ्याला ती लागू नाही, मुलींनाही नाही. सव्वीस वर्षं पूर्ण झाली की नाव नोंदवताच येत नाही आणि पुढे नागरिकत्वाच्या अर्जात ते आडवं येऊ शकतं.

नोंदणी म्हणजे भरती नव्हे. १९७३ नंतर तिथे कुणालाही सक्तीने सैन्यात नेलेलं नाही. पण त्या यादीचा इतिहास गंगापूर रोडनेही वाचावा असा आहे, कारण ‘आपल्याकडेही प्रत्येक पोराला दोन वर्षं सैन्यात धाडा’ हे वाक्य इथल्या कट्ट्यावर फार सहज ऐकू येतं.

१८६३ मध्ये, यादवी युद्धात, लिंकन सरकारने सक्तीच्या भरतीचा कायदा केला. ३०० डॉलर भरा किंवा बदली माणूस द्या, की सुटलात. मजुराची ती जवळजवळ वर्षाची कमाई. जुलैत न्यूयॉर्क पेटलं आणि गोऱ्या गरिबांचा राग निघाला तो कृष्णवर्णीयांवर; त्यांच्या मुलांचा अनाथाश्रमसुद्धा जाळला गेला. १९१७ च्या कायद्याने बदली माणसाची पळवाट बंद केली. व्हिएतनाम युद्धात कॉलेजात शिकणाऱ्यांना सवलत मिळाली, म्हणजे पळवाट पुन्हा ऐपतीचीच झाली. मुष्टियोद्धा मुहम्मद अलीने १९६७ मध्ये सैन्यात जायला नकार दिला आणि जगज्जेतेपद गमावलं.

मग आली चिठ्ठी. १ डिसेंबर १९६९ ला काचेच्या मोठ्या बरणीत ३६६ निळ्या कुप्या ओतल्या, प्रत्येकीत एक जन्मतारीख. पहिली निघाली १४ सप्टेंबर. त्या दिवशी जन्मलेली पोरं रांगेत सर्वांत पुढे. कुप्या महिन्यांच्या क्रमाने भरल्या होत्या आणि नीट ढवळल्याच गेल्या नव्हत्या, त्यामुळे वर्षाच्या शेवटी जन्मलेल्यांच्या तारखा लवकर निघाल्या. कुणाचा मुलगा युद्धावर जाणार, हे ठरवताना एवढी हयगय!

गंगापूर रोडपासून हाकेच्या अंतरावर भोसला सैनिकी शाळा आहे. १९३७ मध्ये डॉ. मुंजे यांनी उभारलेली. तिथली मुलं शिस्त शिकतात, त्यातली काही पुढे सैन्यात जातात, ती स्वतःच्या इच्छेने. तीच वाट सन्मानाची आहे, आणि देशाने तीच धरून राहावं.

आपल्या राज्यघटनेच्या २३ व्या अनुच्छेदात सार्वजनिक कामासाठी सक्तीची सेवा लावण्याची मुभा सरकारला आहे. मात्र धर्म, वंश, जात किंवा वर्ग यांवरून भेदभाव करायचा नाही, असंही तिथेच बजावलेलं आहे. सक्ती मागणाऱ्याने या ‘वर्ग’ शब्दाशी थांबावं. कोट्यातल्या क्लासला बसलेल्या आणि परदेशी विद्यापीठात प्रवेश मिळालेल्या मुलाला कायदा नेणार आहे का, की दिंडोरी-पेठच्या शेतकऱ्याच्याच मुलाला, हे त्याने आधी सांगावं.