‘काही नाही’ म्हणजे काय रे?

नळ स्टॉपच्या सिग्नलला बाइक थांबली आणि मागून प्रश्न आला, ‘काय झालं?’ मी म्हटलं, ‘काही नाही.’ मग थेट कोथरूडपर्यंत कुणीच बोललं नाही.

काही नाही कसं? अर्ध्या तासापूर्वी तिनं सांगितलं होतं, ती टीम लीड झालीय. मी ‘वा, पार्टी!’ असं ओरडलोसुद्धा. पण बिल आलं, तिनं पटकन कार्ड पुढे केलं आणि माझा चेहरा पडला. मी फ्रीलान्सर, दोन महिन्यांचं पेमेंट अडकलेलं. राग तिच्यावर नव्हताच, पण निघाला तिच्यावर. तोही न बोलता. ‘अभिमान’ (१९७३) बघताना बायकोच्या यशावर जळणाऱ्या त्या गायकाला मी काय काय बोललो होतो!

जॉन गॉटमन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं जोडप्यांची भांडणं चक्क लॅबमध्ये, हृदयाचे ठोके मोजत अभ्यासली. नातं पोखरणाऱ्या चार सवयी त्यानं सांगितल्या: जोडीदाराच्या स्वभावावरच बोट ठेवणं, तुच्छ लेखणं, स्वतःचाच बचाव करत राहणं आणि भिंतीसारखं गप्प होणं. त्याच्या अभ्यासात ही भिंत उभी करणाऱ्यांपैकी ८५ टक्के पुरुष होते! ठोके मिनिटाला शंभरच्या वर गेले, की समोरच्याचं धड ऐकूच येत नाही म्हणे. उपाय? निदान २० मिनिटांचा ब्रेक घ्या, शांत व्हा, परत येऊन बोला.

वाचून बरं वाटलं. म्हणजे दोष माझा नाही, ठोक्यांचा! पण बॉस, माझी २० मिनिटं चार-चार दिवस चालतात. आणि मी गप्प बसतो ते शांत व्हायला नाही, तिनं मनवावं म्हणून.

चौथ्या दिवशी तिचा मेसेज आला, ‘तुझं काही नाही ऐकून दमले रे.’

फोन लावला. म्हटलं, ‘तुझं प्रमोशन ऐकून मला लहान वाटलं. चूक माझी आहे.’

पलीकडे शांतता. जेमतेम दहा सेकंदांची असेल, पण जीव कासावीस झाला. तिनं असे चार दिवस काढले होते!

‘बोललास एकदाचा,’ ती म्हणाली. ‘रविवारी भेटू. बिल तू दे, वडापाव चालेल. आणि राग गेलेला नाहीये हां.’

चालेल. निदान ती ‘काही नाही’ तरी म्हणाली नाही.