मातीवरून मॅटवर

अठरा वर्षांखालील मुलींची जागतिक सांघिक गोल्फ स्पर्धा 2014 मध्ये कॅनडात सुरू झाली. तिथे एका देशाच्या संघात तीनच मुली असतात. धाराशिवच्या मुलींचा सांघिक खेळ मात्र खो-खो. सारिका काळे याच मातीतली. तिच्या नेतृत्वाखाली भारताने 2016 मध्ये गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक जिंकले आणि 2020 मध्ये तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. जानेवारी 2025 मध्ये दिल्लीत झालेल्या पहिल्या विश्वचषकात भारतीय महिलांनी अंतिम सामन्यात नेपाळला 78-40 असे हरवले. त्या संघातही धाराशिवची अश्विनी शिंदे होती. दुष्काळी म्हणून हिणवल्या गेलेल्या जिल्ह्याची ही कमाई लहान नाही.

पण विश्वचषक मॅटवर होतो आणि गावच्या शाळेतली पोर शिकते ती मातीवर. अनवाणी धावत येऊन एका हाताने खांबाला वेढा घालत ती गर्रकन वळते, तेव्हा पायाखालची माती थोडी सरकते आणि तिला सांभाळूनही घेते. मॅटवर बूट घट्ट रुततो. तिथे वळण्याची, सूर मारण्याची सवय नव्यानेच लावावी लागते. ती चौदाव्या वर्षी लागली पाहिजे, निवड झाल्यावर नव्हे.

गोल्फमध्ये किशोरींना जागतिक व्यासपीठ मिळते, तसे खो-खोतही हवे. महासंघाने ते उभारावे. आणि राज्य सरकारने धाराशिवच्या प्रत्येक तालुक्यात मुलींच्या सरावासाठी कायमची मॅट द्यावी.