माहेरी फ्रीज नाही, म्हणून काय झालं?

शिरूर अनंतपाळहून एका भगिनीचं पत्र आलं आहे. पत्र चार पानी आहे आणि पहिलं पान नुसतं माफी मागण्यात गेलंय, 'तुमच्या पानावर लोणची-पापडाचं विचारतात, मी भलतंच विचारते' म्हणून. भलतं काही नाही, बाई. पापड बिघडला तर तळून खाता तरी येतो.

त्यांची मुलगी बारा वर्षांची. दोन वर्षांपूर्वी तिला मधुमेह निघाला, लहानपणी होतो तो, इन्शुलिनशिवाय ज्याला दुसरा इलाज नाही तो. तेव्हापासून या बाई माहेरी गेलेल्या नाहीत. माहेर मुखेड तालुक्यातलं एक खेडं. उदगीरला गाडी बदलायची, पुढं मुखेड, आणि तिथून मिळेल ती काळीपिवळी. माहेरी फ्रीज नाही. या मे महिन्यात सख्ख्या भावाचं लग्न आहे. सासूबाई म्हणतात, "लेकराला घिऊन उन्हातान्हाचं कुठं जातीस? बाटली नासली म्हंजे? तिला ठेव माझ्यापाशी, तू जाऊन ये." मुलगी म्हणते, मामाच्या लग्नाला मला का नाही? आणि बाई विचारतात, 'डब्यात भरपूर बर्फ घालून बाटली नेली तर चालेल का?'

आधी या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर देते, कारण ते सगळ्यांत महत्त्वाचं. बर्फात घालून नेऊ नका. उन्हानं इन्शुलिन बिघडतं हे आता बहुतेकींना ठाऊक असतं. गोठल्यानं ते त्याहून लवकर बिघडतं, हे मात्र ठाऊक नसतं.

हे मी पुस्तकातलं सांगत नाही. माझ्या थोरल्या जाऊबाई इन्शुलिन घ्यायच्या. काही वर्षांपूर्वी आम्ही लातूरहून सोलापूरला एका लग्नाला निघालो. मीच मोठ्या हौसेनं प्लॅस्टिकच्या डब्यात बर्फाचे तुकडे भरले आणि त्यांत दोन्ही बाटल्या खोचून ठेवल्या. पोचल्यावर बघते तर एका बाटलीत बर्फाच्या बारीक सुया दिसत होत्या. मी ती तळहातात धरून ऊब दिली, झालं पुन्हा पाणी. त्याच इन्शुलिनवर तीन दिवस काढले. जाऊबाईंना तहान लागायला लागली, रात्रीतून सहा वेळा उठायला लागल्या. आम्ही सगळ्याजणी त्यांनाच बोललो, 'पंगतीत श्रीखंडावर हात मारलात, आता भोगा.' त्या बिचाऱ्या शपथेवर सांगत होत्या की एक चमचासुद्धा घेतलेलं नाही. चौथ्या दिवशी उलट्या सुरू झाल्या. मीटरवर आकडा येईना, नुसतं 'हाय' येत होतं. त्यांना दवाखान्यात ठेवावं लागलं. श्रीखंडाचा दोष नव्हता, माझ्या बर्फाचा होता. त्या बऱ्या झाल्या, पण मी त्यांना जे बोलले ते काही परत घेता आलं नाही.

गोठलेलं इन्शुलिन वितळून पुन्हा पाण्यासारखं दिसतं, पण त्याच्या गुणाचा भरवसा राहत नाही. ते टाकूनच द्यायचं, कितीही जीव हळहळला तरी. आपल्या गावात लसीकरणाला नर्सबाई निळा डबा घेऊन येतात तो पाहिला असेल. त्यात बर्फाच्या चार चपट्या बाटल्या असतात. त्या फ्रीजरमधून काढल्या काढल्या डब्यात ठेवत नाहीत. थोडा वेळ बाहेर राहू देतात आणि कानाशी हलवून बघतात. आत पाणी डुचमळल्याचा आवाज आला की मगच डब्यात. कारण काही लशीसुद्धा गोठल्या की निकामी होतात. नर्सबाई एवढी काळजी घेतात, तर आपण तरी बर्फात बाटली का खोचावी?

आता बाटलीला नेमकं काय हवं ते बघू. न उघडलेली बाटली फ्रीजमध्ये, २ ते ८ अंश सेल्सियसमध्ये. फ्रीजरमध्ये नाही, मागच्या भिंतीला टेकूनही नाही, तिथं कधीकधी गोठतं. मधल्या कप्प्यात एका डबीत ठेवावी. वापरात असलेली बाटली मात्र बहुतेक प्रकारांत २५ ते ३० अंशांपर्यंत साधारण चार आठवडे बाहेर चालते. नेमके दिवस प्रत्येक इन्शुलिनचे निराळे, ते खोक्यातल्या कागदावर छापलेले असतात. तो कागद पुडी बांधायला वापरू नका, वाचून घ्या. बाटली उघडली त्या दिवशीची तारीख तिच्यावर चिकटपट्टी लावून लिहा. पत्रात लिहिलंय की मुलीला दिवसाला २५ युनिटच्या आसपास लागतं. ४० च्या १० मिलिलिटर बाटलीत ४०० युनिट असतात, म्हणजे ती बाटली १६ दिवसांतच संपणार. तेव्हा पाच दिवसांच्या लग्नासाठी फ्रीज हवाच असं नाही. हवी आहे ती ३० अंशांच्या आतली सावली.

आता मेमध्ये मराठवाड्यात ३० अंश आणायचे कुठून, असं म्हणाल. माळवदाची घरं होती तेव्हा दुपारी आतल्या खोलीत गार वाटायचं. आता पत्रे आले, आणि पत्र्याखाली माणूसच भाजून निघतो तिथं बाटलीचं काय! पण आपल्याकडे माठ आहे.

कुंभाराकडून दोन मडकी आणवा, एक मोठं, एक त्यात बसेल असं लहान. रंग दिलेली किंवा चकाकी आणलेली नकोत, पाणी पाझरलं पाहिजे. मोठ्याच्या तळाशी वाळू, तीवर लहान मडकं, आणि दोहोंच्या मधल्या फटीत वाळू भरायची. वाळू सकाळ, दुपार, संध्याकाळ पाण्यानं भिजवायची. बाटली घट्ट झाकणाच्या डबीत घालून आतल्या कोरड्या मडक्यात ठेवायची आणि तोंडावर ओलं फडकं. मडकं सावलीत, पण वारा लागेल असं ठेवा. कोनाड्यात कोंडून ठेवलंत तर गार होणार नाही, पाणी उडून गेलं तरच गारवा येतो. नायजेरियातले मोहम्मद बाह अब्बा नावाचे शिक्षक होते, त्यांनी १९९० च्या दशकात तिकडच्या खेड्यांतून हीच दोन मडक्यांची युक्ती भाज्या टिकवण्यासाठी पसरवली. हवा कोरडी असली की ही युक्ती उत्तम चालते, आणि आपला उन्हाळा कोरडाच. रत्नागिरीच्या बहिणींनी मात्र यावर विसंबू नये, तिकडे दमट हवेत माठसुद्धा धड गार होत नाही.

आत एक थर्मामीटर ठेवा. ताप बघायचा नव्हे, तो पस्तिसाच्या पुढंच मोजायला लागतो. खोलीचं तापमान दाखवणारा छोटा मिळतो, तो. हा प्रयोग आधी शिरूरलाच चार दिवस करून बघा. दुपारी तीनला आकडा किती येतो ते लिहून ठेवा आणि सासूबाईंना दाखवा. मला वाटतं, त्यांच्या 'नासली म्हंजे?'ला माझ्या लेखापेक्षा ते आकडे जास्त पटतील.

जिनीव्हा विद्यापीठ आणि सीमांच्या पलीकडे जाऊन काम करणाऱ्या डॉक्टरांची एक संस्था यांनी मिळून केनियातल्या दादाब या निर्वासितांच्या छावणीतलं तापमान मोजलं. तिथल्या घरांत ते २५ ते ३७ अंशांमध्ये खालीवर व्हायचं. तेवढ्याच चढउतारात चार आठवडे ठेवलेलं इन्शुलिन त्यांनी तपासलं, तर ते फ्रीजमधल्याइतकंच टिकलेलं निघालं. हा निष्कर्ष २०२१ साली प्रसिद्ध झाला. हे सांगते ते धीर यावा म्हणून. मडकं एखाद्या दुपारी ३२ दाखवायला लागलं तर रडत बसू नका. पण म्हणून बाटली उघड्यावर ठेवायची मुभा समजू नका. आपल्याकडे मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो आणि उभ्या गाडीत तर त्याहून कितीतरी वर.

आता वाटेचं. चहाचा तोंड रुंद असलेला थर्मास घ्या. त्यात माठातलं गार पाणी दहा मिनिटं ठेवून ओतून द्या, आतून कोरडा पुसा, बाटल्या मऊ फडक्यात गुंडाळून आत ठेवा आणि झाकण लावा. सकाळच्या पहिल्या गाडीनं निघालात तर मुखेडपर्यंत एवढं पुरतं. थर्मास मांडीवर किंवा पायाशी सावलीत. एसटीच्या वरच्या फळीवर नको, टप तापतो. जीपमध्ये ड्रायव्हरच्या काचेपुढं तर मुळीच नको, आणि इंजिनाजवळही नको. कुणी भला माणूस 'द्या ताई, वर ठेवतो' म्हणाला तरी हातची सोडू नका. (मुलं परदेशी आहेत त्या बहिणींसाठी इथंच सांगते, विमानात इन्शुलिन हातातल्या बॅगेत ठेवावं. खालच्या सामानात दिलं तर गोठण्याचा धोका.)

लागेल त्याच्या दुप्पट इन्शुलिन न्या आणि ते दोन ठिकाणी ठेवा. एक बाटली फुटली, पोरांनी खेळायला घेतली, तर दुसरी असावी. मीटरच्या पट्ट्यासुद्धा उन्हानं बिघडतात. त्यांच्या डबीचं झाकण घट्ट लावा आणि तीही सावलीत.

सिरिंजचं विशेष लक्ष देऊन वाचा. ४० च्या बाटलीची सिरिंज लाल टोपणाची, १०० च्या बाटलीची केशरी टोपणाची. वाटेत औषध घ्यायची वेळ आलीच तर जुनं खोकं दुकानदारापुढं धरा. १०० ची बाटली आली आणि लाल टोपणाच्या सिरिंजनं १० च्या रेघेपर्यंत ओढलं, तर जातात २५ युनिट. एवढ्याशा मुलीला ते जिवावर बेतेल.

बाटली बिघडली हे ओळखायचं कसं? जी पाण्यासारखी असते ती गढूळ झाली, जी मुळात दुधाळ असते तिच्यात तळहातावर हळूच फिरवूनही गुठळ्या राहिल्या, किंवा रंग पिवळट-तपकिरी झाला, तर टाकून द्या. पण बिघडलेली बाटली कधीकधी दिसायला निर्मळच असते, आमच्या जाऊबाईंची होती. म्हणून खरी परीक्षा मीटरची. कारण नसताना दोन-तीन वेळा साखर चढलेली आली, तर मुलीला 'काय खाल्लंस?' विचारण्याआधी दुसरी बाटली उघडा आणि डॉक्टरांना फोन करा. उलट्या, पोटदुखी, धाप, तोंडाला पिकल्या फळासारखा वास, यांतलं काही दिसलं तर वऱ्हाड राहू द्या, थेट दवाखाना गाठा. आणि मूल जेवत नाही म्हणून इन्शुलिन आपल्या मनानं बंद करू नका, किती द्यायचं ते डॉक्टर सांगतील.

लग्नघरात आणखी एक भीती असते. पत्रिकेत मुहूर्त साडेबाराचा, अक्षता पडतात तीनला, आणि पंगत कधी ते देवाला ठाऊक! सुई टोचून बसलात आणि पान आलंच नाही, तर साखर खाली येते. हात थरथरणं, घाम, गरगरणं. तेव्हा पान समोर येण्याची खात्री झाल्याशिवाय जेवणाआधीची सुई नको. सुई आणि जेवण यांत किती वेळ ठेवायचा ते डॉक्टरांना विचारून निघा. मुलीच्या पर्समध्ये साखरेची पुडी असू द्या, तीन चमचे साखर पाण्यात घालून लगेच द्यायची. तिला निराळं आधी जेवू घाला, त्यात कसला आलाय मानपान.

पत्राच्या शेवटच्या पानावर बाईंनी एक ओळ लिहून खोडली आहे, तरी ती वाचता येते. 'माहेरी आईशिवाय कुणालाच माहीत नाही, उद्या पोरीचं जमायचंय.' बाई, तुमची भीती मला कळते. पण लग्नाच्या घरात मडकं लपवता येत नाही. कुणी त्यात फुलं ठेवील, कुणी हात घालून पाणी शोधील, कुणी अडचण म्हणून उन्हात सरकवील. निदान भावाला आणि थोरल्या वैनीला सांगा. वाळू भिजवायचं काम वैनीकडं द्या, तुम्ही हळदीत अडकलात तरी ते चुकणार नाही. आणि मुलीसमोर कुजबुजू नका. तिनं सुई टोचायला न्हाणीघरात लपावं असं तिनं काही केलेलं नाही. १९२२ च्या जानेवारीत टोरांटोला चौदा वर्षांच्या एका मुलाला पहिल्यांदा इन्शुलिन दिलं गेलं. त्याच्या आधी या आजाराची मुलं वाचत नसत. तुमची मुलगी मामाच्या वरातीत नाचायचं म्हणते आहे.

निघण्याआधी तिच्या डॉक्टरांना एकदा भेटा, मात्रा आणि फोन नंबर कागदावर लिहून घ्या, आणि मुखेडला जवळचा दवाखाना कुठं ते भावाला आधीच बघून ठेवायला सांगा. नाचणार असेल त्या दिवशी साखर खाली येऊ शकते, तेही त्यांना विचारा. परत आल्यावर मडक्यातले दुपारी तीनचे आकडे मला जरूर कळवा. आणि सासूबाईंनाही लग्नाला घेऊन जाता आलं तर बघा, पत्रावरून तरी त्यांचा नातीवर फार जीव दिसतो.