वसईचा अभ्यास कोणत्या कप्प्यात?

मराठीच्या पदव्युत्तर अभ्यासात वसई परिसर कुठे कुठे येतो, हे एकदा कागदावर मांडून पाहण्यासारखे आहे. 'महिकावतीची बखर' मध्ययुगीन गद्याच्या इतिहासात येते. फादर फ्रान्सिस दिब्रिटो 'ख्रिस्ती मराठी साहित्य' या प्रवाहात येतात. गोदावरी परुळेकरांचे 'जेव्हा माणूस जागा होतो' आत्मकथन किंवा आदिवासी चळवळीच्या संदर्भात वाचले जाते. सामवेदी आणि वाडवळी या बोली भाषाविज्ञानाच्या प्रश्नपत्रिकेत दोन-चार ओळींच्या टिपेपुरत्या हजेरी लावतात. सोपाऱ्याचा स्तूप आणि अशोकाचे शिलालेख तर इतिहास विभागाकडे गेलेले; त्यांच्याशी आपला संबंध नाही असे आपण मानूनच चालतो. पाच कप्पे झाले. हे सारे एकाच भूभागातले आहे, एस. टी.ने दिवसभरात फिरून येता येईल एवढ्या अंतरातले आहे, ही गोष्ट विद्यार्थ्याला दोन वर्षांत एकदाही कळण्याची सोय नाही.

कप्प्यांशिवाय अध्यापन होत नाही, हे मान्य. परंतु कप्पा जेव्हा अभ्यासविषयालाच कापू लागतो, तेव्हा त्याची सोय ही अडचण होते. सामवेदी बोलीचेच पाहा. वसईच्या पश्चिम पट्ट्यातील सामवेदी ब्राह्मण ही बोली बोलतात आणि त्याच पट्ट्यातील सामवेदी ख्रिस्ती, म्हणजे कुपारी समाजही बोलतो. ते तिला कादोडी म्हणतात. धर्म दोन, बोली एक. सोळाव्या शतकात, 1534 च्या तहानंतर, पोर्तुगीज अमलात धर्मांतरे झाली. देवघर बदलले, पण शेत, विहीर, पाटाचे पाणी, केळीची बाग यांविषयीचे शब्द घराघरांत तेच राहिले. आता 'ख्रिस्ती साहित्य' या कप्प्यातून पाहणाऱ्याला यातला अर्धाच समाज दिसतो, आणि 'बोली' या कप्प्यातून पाहणाऱ्याला समाजच दिसत नाही, फक्त ध्वनिबदल दिसतात. ग्रिअर्सनच्या भाषासर्वेक्षणाच्या 1905 साली निघालेल्या मराठीविषयक सातव्या खंडात वाडवळी, फुडगी, सामवेदी, वारली, कातकरी यांचे नमुने शेजारी शेजारी आहेत. मराठी आणि गुजराती-भिल्ली यांना जोडणाऱ्या पट्ट्यातल्या बोली म्हणून तिथे त्यांचा विचार झाला. म्हणजे बागायतदार, मासेमार आणि डोंगरातला वारली हे भाषेच्या अंगाने एकमेकांचे शेजारी आहेत, हे सव्वाशे वर्षांपूर्वी नोंदले गेले होते. आपण पुढे काय केले? त्या शेजाऱ्यांना वेगवेगळ्या प्रश्नपत्रिकांत पाठवले.

2020 च्या जानेवारीत उस्मानाबाद येथे त्र्याण्णवावे साहित्य संमेलन दिब्रिटोंच्या अध्यक्षतेखाली झाले. त्यांच्या निवडीला धर्माच्या कारणावरून विरोध झाला होता, हे सर्वांना आठवत असेल. त्या वेळी आपल्यापैकी अनेकांनी त्यांच्या बाजूने लिहिले आणि ते योग्यच होते. मात्र त्या लेखनात बहुधा सहिष्णुतेचा युक्तिवाद होता, अभ्यासाचा फार थोडा. 'ख्रिस्ती असूनही मराठी' हा सूर बचावाचा आहे. फादर स्टीफन्स यांचे 'क्रिस्तपुराण' 1616 साली छापले गेले. त्यानंतर चारशे वर्षांनीही 'असूनही' म्हणावे लागत असेल, तर दोष आपल्या वाङ्मयेतिहासाच्या मांडणीत आहे. 2024 मध्ये दिब्रिटो गेले. 'सुवार्ता' या नियतकालिकाचे ते दीर्घकाळ संपादक होते. त्या मासिकाच्या जुन्या अंकांकडे एका समाजाचे मुखपत्र म्हणून न पाहता, वसईतल्या जमीन, पाणी, शाळा आणि भाषा यांविषयीच्या वादांचे दप्तर म्हणून पाहिले, तर किती प्रबंधांना पुरेल एवढी सामग्री आहे!

प्रदेशाच्या अभ्यासाचा आग्रह धरताना एक धोका मात्र डोळ्यांआड करता येत नाही. आपल्याकडे प्रादेशिक इतिहास म्हटला की पुष्कळदा अमृतमहोत्सवी स्मरणिका होते. आपला समाज मूळचा कोण, कोणत्या राजाबरोबर आला, कोणत्या कुळाला कोणते वतन मिळाले, यापलीकडे तिची जिज्ञासा जात नाही. आणि गंमत अशी की, या स्मरणिकांचे आदिम रूप म्हणता येईल असा ग्रंथ उत्तर कोकणातच आहे. 'महिकावतीची बखर' ही पंधराव्या-सोळाव्या शतकांत वेगवेगळ्या हातांनी रचली गेली. बिंब राजाबरोबर आलेली कुळे, त्यांची गोत्रे, गावांची वाटणी हा तिचा मोठा भाग. कुळांच्या अभिमानासाठी तिचा आधार आजही घेतला जातो. वि. का. राजवाडे यांनी 1924 मध्ये ती प्रसिद्ध केली तेव्हा मात्र त्यांनी प्रस्तावनेत वेगळाच प्रश्न विचारला: राज्ये येत-जात असताना येथील सामान्य माणूस इतका उदासीन का राहिला? त्यासाठी ते कातकरी, ठाकर, वारली, कोळी अशा जुन्या थरांपर्यंत खाली उतरले. त्यांची अनेक अनुमाने आज टिकणार नाहीत, काही तर त्रासदायक आहेत. पण बखरीत ज्यांना कूळ-गोत्र नाही त्यांच्याविषयी बखर वाचूनच प्रश्न विचारता येतो, ही वाचनाची रीत त्यांनी दाखवली. 'महाराष्ट्रधर्म' हा शब्द एवढ्याच कारणासाठी बखरीचे नाव पाठ करणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांना ही रीत शिकवली जात नाही.

आता पूर्वेकडे, वालीवकडे यावे. वसईविषयीचे बहुतेक लेखन रेल्वेरुळांच्या पश्चिमेला संपते: किल्ला, चर्च, बागा, 1739 ची चिमाजी अप्पांची मोहीम. 1802 चा तह झाला तोही 'वसईचा'. पूर्वेला तुंगारेश्वराच्या पायथ्याकडचा वालीव, सातिवली, गोखिवरे हा भाग त्यात जवळपास नाही. एके काळी शेते आणि आदिवासी पाडे असलेला हा पट्टा आज औद्योगिक गाळ्यांचा आहे. 2009 मध्ये वसई-विरार महानगरपालिका झाली. वालीवच्या नावाने तिची एक प्रभाग समिती आहे. गाळ्यांत काम करणारा माणूस उत्तर प्रदेश, बिहार, राजस्थान, ओडिशा इथून आलेला, तसाच कोकणातून आणि मराठवाड्यातूनही आलेला. पाड्यावरचा वारली त्याच रस्त्याने कामाला जातो. हा वसईचा समाज नव्हे काय? असेल, तर त्याची भाषा आणि त्याची गाणी प्रदेशाच्या अभ्यासात कोणत्या न्यायाने वगळायची?

'ते तर बाहेरचे' हे उत्तर इथे फार काळ टिकत नाही. सोपारा हे बंदर होते. बाहेरच्यांशी व्यवहार हाच त्याचा व्यवसाय. 1882 मध्ये भगवानलाल इंद्रजींनी तिथला स्तूप उकरला, आणि अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा त्याच गावचा. पोर्तुगीज आले, गेले. घाटावरचे सैन्य आले, त्यातले काही राहिले. सीमा तरी कुठे स्थिर आहे? 1960 साली उंबरगाव तालुक्याचा मोठा भाग गुजरातेत गेला, उरलेल्या गावांचा तलासरी झाला. वारली दोन्हीकडे राहिले. 2014 मध्ये ठाण्यातून पालघर जिल्हा वेगळा झाला. ॲन फेल्डहाऊस यांनी 'कनेक्टेड प्लेसेस' या 2003 च्या ग्रंथात नद्या, यात्रा, देवतांची नाती यांतून महाराष्ट्रातले प्रदेश माणसांच्या मनात कसे घडतात हे दाखवले. वालीवच्या बाबतीत यात्रेच्या जोडीला लोकलगाडी, ठेकेदार आणि भाड्याची खोली यांचीही नाती पाहावी लागतील. छटपूजेला तळ्याकाठी जमणारी गर्दी हा त्या अभ्यासाचा विषय आहे. तिला केवळ राजकीय सभेचा विषय होऊ देणे ही विद्यापीठांची कामचुकारी आहे.

2024 च्या ऑक्टोबरमध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. प्राचीनता सिद्ध झाली, आनंद आहे. परंतु या दर्जाबरोबर येणारा पैसा आणि प्रतिष्ठा केवळ हस्तलिखितांच्या वाट्याला गेली, तर ज्यांच्या तोंडी सामवेदी आणि वारली आहे ती आजची सत्तरी-ऐंशीची पिढी ध्वनिमुद्रणाविनाच जाईल. डेक्कन कॉलेजने मराठीच्या बोलींचे सर्वेक्षण हाती घेतले ही मोठी गोष्ट आहे. तथापि एका संस्थेने राज्यभर फिरून जेवढे होईल तेवढेच होईल. प्रत्येक तालुक्यात महाविद्यालय आहे, मराठीचा शिक्षक आहे, आणि मुख्य म्हणजे त्या बोली घरी ऐकणारे विद्यार्थी समोर बसलेले आहेत.

नव्या शैक्षणिक धोरणानुसार महाराष्ट्रात पदव्युत्तर पहिल्या वर्षाला कार्यानुभव किंवा क्षेत्रप्रकल्पासाठी चार श्रेयांक आले आहेत. मराठी विभागांना त्यांचे काय करावे हे सुचत नाही. मुद्रितशोधन, ग्रंथालयभेट, एखाद्या वृत्तपत्राच्या कचेरीत महिनाभर बसणे असे काहीतरी करून अहवाल भरले जातात. त्याऐवजी हे चार श्रेयांक एका गावाला द्यावेत. चार विद्यार्थ्यांच्या गटाने एक गाव घ्यावे, त्यातला एक पाडा, एक आळी आणि एक चाळ. त्या गावाचे नाव बखरीत आहे का, पोर्तुगीजांच्या 1554 च्या जमाबंदीत आहे का, पेशवे दप्तरात आहे का, 1882 च्या ठाणे गॅझेटिअरमध्ये आहे का, हे पाहावे. आणि आज तिथे कोणत्या घरात कोणती भाषा कोणाशी बोलली जाते, ते नोंदवावे. मोडीसाठी शिक्षक मिळतो. पोर्तुगीजसाठी मिळणे कठीण, तिथे गोव्याची मदत घ्यावी लागेल. इतिहास आणि समाजशास्त्र विभागांशी बोलावे लागेल; एकाच मजल्यावर असूनही आपण ते फारसे करत नाही. मूल्यमापन कोणी करायचे यावर अभ्यासमंडळात भांडण होईल हे गृहीत धरूनच प्रस्ताव मांडावा, आणि पहिले गाव म्हणून किल्ल्याजवळचे न घेता वालीव घ्यावे.